ज्युनिपरची फळे: ओळख, साठवण, स्वयंपाक आणि औषधी वापर

मिऱ्याहून जरा मोठा, निळसर काळा, वर पांढुरकी झाक असलेला दाणा म्हणजे ज्युनिपर या झाडाचे वाळलेले फळ. मिऱ्यात भेसळ करायला हे फळ वापरतात, अशी तक्रार रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकातच करून ठेवली आहे. आयुर्वेदात याला हपुषा म्हणतात, व्यापारात हाऊबेर; हिंग्वादि चूर्ण आणि नारायण चूर्ण या दोन्हींच्या घटकांत ते येते. युरोपच्या थंड भागात ते शिकारीच्या मांसात, आंबवलेल्या कोबीत आणि अर्थातच जिनमध्ये पडते.

वापराला सुरुवात करण्याआधी एक गोष्ट पक्की समजून घ्यावी. या फळाला चव देणारे आणि औषध म्हणून काम करणारे द्रव्य एकच आहे, ते म्हणजे त्यातले सुगंधी तेल. चार-सहा माणसांच्या पातेल्यात आठ-दहा दाणे पडले तर तो मसाला. एका माणसाने दिवसाला दोन ग्रॅम किंवा त्याहून जास्त घेतले की ते औषध, आणि मग औषधाचे सगळे नियम लागू होतात. पुढची सगळी मापे हा फरक धरूनच दिली आहेत.

कोणते झाड, कोणते फळ

खाण्याजोगी जात ज्युनिपेरस कॉम्युनिस. तिचे फळ वनस्पतिशास्त्राच्या हिशेबाने फळ नाहीच. ज्युनिपर सायप्रसच्या कुळातला, त्यामुळे हा त्याचा शंकू आहे, फक्त त्याचे खवले मांसल होऊन एकमेकांत मिसळलेले असतात. म्हणूनच दाण्याच्या टोकाला तीन रेघा मधोमध मिळालेल्या दिसतात. दाणा फोडला तर आत तपकिरी, किंचित चिकट गर आणि बहुधा तीन कडक बिया निघतात. गर चाखल्यावर आधी गोडसर लागतो, कारण त्यात साखर भरपूर असते. मग राळेचा वास नाकात चढतो आणि शेवटी कडवट चव जिभेवर राहते. गोड, राळ, कडू या क्रमाने चव आली तर माल चांगला.

झाडावरून स्वतः तोडणार असाल तर पाने आधी पाहा. कॉम्युनिसची पाने सुईसारखी, टोचणारी, तीन-तीनच्या घेऱ्यात येतात आणि प्रत्येक सुईच्या आतल्या बाजूला एकच पांढरा पट्टा असतो. झाडावर कुठेही खवल्यांसारखी, फांदीला चिकटलेली पाने दिसली तर ते झाड सोडून द्या. ज्युनिपेरस सबायना ही विषारी जात तशी असते: पान चुरडले की उग्र, नकोसा वास येतो आणि फळे मात्र तशीच निळी-काळी दिसतात. बागेत शोभेसाठी लावलेल्या अनेक जातीही खवलेदार पानांच्याच असतात. सुईत दोन पांढरे पट्टे आणि फळ लालसर तपकिरी असेल तर ती ऑक्सिसेड्रस. तीही स्वयंपाकाची नव्हे, तिच्या लाकडापासून केड तेल काढतात. यू या झाडाशी गोंधळ क्वचितच होतो, कारण त्याचे फळ लाल, वाटीसारखे उघडे असते. पण तो झाला तर जीवावर बेतू शकते. थोडक्यात, शंका आली की तोडायचे नाही. फळावरून जात ओळखता येते असा भरवसा नवख्याने धरू नये, पाने पाहूनच ठरवावे.

तोडणे आणि वाळवणे

नर आणि मादी झाडे वेगळी असतात. फळे फक्त मादी झाडावर. ती पिकायला दोन-तीन वर्षे लागतात, त्यामुळे एकाच फांदीवर हिरवी आणि काळी फळे शेजारी शेजारी दिसतात. घ्यायची फक्त काळी. हिरव्या फळांत गोडवा जवळजवळ नसतो आणि टर्पेंटाइनसारखा वास पुढे येतो.

हिवाळ्याच्या तोंडावर, कोरड्या दिवशी, झाडाखाली चादर पसरा आणि काठीने फांद्या हलक्या झोडपा. पिकलेली फळे खाली पडतात, हिरवी फांदीला धरून राहतात. एकेक दाणा हाताने तोडायला गेलात तर जाड हातमोजे असूनही तासाभरात बोटांची चाळण होते आणि मिळतात मूठभर. मग ताटात घेऊन सुया, काड्या, हिरवे दाणे आणि कीड लागलेले, भोक पडलेले दाणे वेचून टाका.

वाळवण सावलीत करायचे, एकाच थरात, हवा खेळती ठेवून. तापमान ३५ अंश सेल्सिअसच्या वर जाऊ देऊ नका. दोन ते तीन आठवडे लागतात आणि ही घाई करण्याची जागा नाही. ओव्हनमध्ये किंवा कडक उन्हात दाणे लवकर सुकतात, पण ज्यासाठी आपण ते घेतले ते तेलच उडून जाते. घरभर सुंदर वास सुटला तर तो वास डब्यातून कमी झाला असे समजा. वाळलेला दाणा दगडासारखा कडक नसतो. नखाने दाबला तर किंचित दबतो आणि नखाला चिकटपणा लागतो.

विकत घेतलेल्या मालालाही हीच परीक्षा. दाणा हलका, पोकळ, तपकिरी पडलेला, फोडला तरी वास न देणारा असेल तर तो जुना आहे आणि तिथे दुप्पट घालून काही साधत नाही: चव येत नाही, कडवटपणा मात्र दुप्पट होतो. चांगले दाणे काचेच्या घट्ट झाकणाच्या बरणीत, अंधारात, अख्खेच ठेवा. असे ठेवले तर वर्षभर छान टिकतात. पूड करून ठेवू नका, कारण ती काही आठवड्यांतच फिकी पडते.

चव कशी सुटते

वाळलेले साधारण दहा-बारा दाणे म्हणजे एक ग्रॅम. आकार कमी-जास्त असतो, म्हणून औषधासाठी नेहमी वजनच करावे. स्वयंपाकात मोजून टाकले तरी चालते.

दाणा अख्खा टाकला तर साल वास अडवून धरते. बारीक पूड केली तर बिया फुटून कडवटपणा येतो. मधला मार्ग म्हणजे सुरीच्या पात्याच्या चपट्या बाजूने किंवा खलात एकदाच दाबून दाणा फक्त तडकवायचा, आणि तोही वापराच्या अगदी आधी. कोरडा मसाला चोळायचा असेल तेव्हाच भरड कुटायचा, तोही मिठाबरोबर. मीठ गराचा चिकटपणा शोषून घेते आणि खलाला लगदा लागत नाही.

तेल पाण्यात फारसे उतरत नाही, चरबीत आणि मद्यात उतरते. म्हणून रस्सा करताना तडकवलेले दाणे आधी लोणी किंवा तेलात मंद आचेवर अर्धा मिनिट परतावेत, मगच पाणी घालावे. आच मंद पाहिजे: तेल धुरकटेपर्यंत तापले असेल तर दाणे करपतात, आणि करपलेल्या ज्युनिपरची चव पुढे कशानेही झाकत नाही. अशा वेळी तेलासकट टाकून पुन्हा सुरुवात करणेच स्वस्त पडते.

मांस, मासे, कोबी

सर्वात सोपी सुरुवात म्हणजे मंद शिजवलेले मांस. एक किलो मांसाला आठ दाणे, दहा मिरे, दोन तमालपत्रे, थाइमची एक काडी, एक मोठा कांदा आणि ४०० मिलिलिटर स्टॉक. मांस सगळीकडून तांबूस परतून बाजूला काढा, त्याच चरबीत कांदा मऊ करा, आच कमी करून ज्युनिपर घाला, मग बाकीचे सगळे आणि मांस. झाकण लावून १५० अंशांच्या ओव्हनमध्ये अडीच ते तीन तास. हरीण, रानडुक्कर, ससा यांना ही जोडी परंपरेने लावली जाते, कारण रानटी मांसाचा उग्रपणा राळेच्या वासात मिसळून जातो. बदक आणि डुकराच्या मांसात कारण वेगळे: तिथे चरबी जास्त असते आणि कडवट, थंड वासाने ती जड वाटत नाही. कोंबडीला मात्र हेच प्रमाण जास्त होते. किलोला चार-पाच दाणे पुरतात.

कोंबडीसाठी आमची पसंती मिठाच्या पाण्याला. एक लिटर पाण्याला ५० ग्रॅम मीठ, २५ ग्रॅम साखर, दहा तडकवलेले दाणे, दोन तमालपत्रे. पाव लिटर पाण्यात सगळे घालून एक उकळी काढा, झाकून पंधरा मिनिटे ठेवा, मग उरलेले पाऊण लिटर बर्फासारखे थंड पाणी ओता. मिश्रण फ्रिजमध्ये पूर्ण गार झाल्यावरच कोंबडी बुडवा. कोमट पाण्यात ती तासन्‌तास राहिली तर जिवाणू वाढतात. तुकड्यांना तीन-चार तास, अख्ख्या कोंबडीला आठ ते बारा. नंतर कोरडी पुसून भाजा. सालीवर ओल राहिली तर ती कुरकुरीत होत नाही. रात्रभरापेक्षा जास्त ठेवली तर मांसाचा पोत डबाबंद हॅमसारखा होतो आणि खारटपणाही वाढतो.

मीठ-साखरेत मुरवलेल्या सॅमनमध्येही ज्युनिपर सुरेख लागते. एक किलो माशाच्या सालीसकट फाकेला ४० ग्रॅम मीठ, ४० ग्रॅम साखर, भरड कुटलेले दहा-बारा दाणे आणि शेपूच्या काड्या. चोळून, गुंडाळून, वर वजन ठेवून फ्रिजमध्ये ४८ तास; दर बारा तासांनी पालटा. हा मासा शिजत नाही, म्हणून तो आधी उणे २० अंशांवर सात दिवस गोठवलेला असला पाहिजे. मीठ परजीवी मारेल या भरवशावर राहू नका.

आता कोबी. जर्मन साउअरक्राउटमध्ये, म्हणजे आंबवलेल्या कोबीत, ज्युनिपर घालण्याची चाल जुनी आहे आणि शाकाहारी स्वयंपाकात हे फळ कुठे बसवायचे, असा प्रश्न पडणाऱ्यांनी इथूनच सुरू करावे.

१. एक किलो कोबी बारीक चिरा. बाहेरचे एक अख्खे पान बाजूला ठेवा.
२. २० ग्रॅम मीठ घालून दहा मिनिटे हाताने चुरा, मग अर्धा तास झाकून ठेवा. तळाशी पाणी सुटले पाहिजे. सुटले नाही तर आणखी चुरा. मीठ वाढवू नका.
३. आठ दाणे नुसते दाबून, हवे तर अर्धा चमचा शहाजिरे, कोबीत मिसळा.
४. बरणीत मुठीने दाबत भरा. वर ते अख्खे पान, त्यावर वजन. कोबी सतत पाण्याखाली राहिला पाहिजे.
५. १८ ते २२ अंशांत ठेवा. पहिले चार-पाच दिवस वायू जोरात सुटतो, म्हणून रोज झाकण सैल करा आणि बरणीखाली ताटली ठेवा.
६. दोन आठवड्यांनी चाखा. चार आठवड्यांपर्यंत आंबट होत जाते. मनाजोगते झाले की फ्रिजमध्ये.

पाण्यावर पातळ पांढरी साय आली तर ती काढून टाका, कोबी चालतो. केसाळ, रंगीत बुरशी आली तर सगळी बरणी फेका. पाणी नुसते गढूळ असेल तर घाबरू नका. आंबताना ते होतेच, आणि मिठात गोठळ्या होऊ नयेत म्हणून घातलेल्या द्रव्याने आणखी होते. दाणे या पाण्यात आठवडेच्या आठवडे पडून असतात, म्हणून इथे भरड कुटायचे नाहीत. कोबी कडू झाला तर कारण बहुतेक वेळा तेच निघते.

बीट, लाल कोबी, मशरूम, सफरचंद, नासपती यांच्याशीही ज्युनिपर जुळते. भाजलेल्या बिटावर चार दाणे कुटून घातलेले लोणी सोडून पाहा. हळद-मिरचीच्या तिखट मसाल्यात मात्र ते हरवून जाते; तिथे घालण्यात अर्थ नाही.

सिरप आणि मद्य

२५० मिलिलिटर पाणी, २५० ग्रॅम साखर आणि १५ ग्रॅम तडकवलेले दाणे झाकण लावून पाच मिनिटे मंद उकळा, तासभर तसेच ठेवा आणि गाळा. लिंबाचा रस आणि सोडा घालून एका पेल्याला दोन चमचे पुरे. फ्रिजमध्ये दोन आठवडे टिकते. रात्रभर दाणे आत ठेवले तर सिरप खोकल्याच्या औषधासारखे लागते. तासाभराचे बंधन त्यासाठीच.

जिनची ओळखच ज्युनिपर. युरोपीय संघाच्या नियमात जिनची चव प्रामुख्याने ज्युनिपरची असावी आणि मद्यांश किमान ३७.५ टक्के असावा असे म्हटले आहे. घरी मद्य गाळणे बहुतेक देशांत बेकायदा आहे. तयार व्होडकात दाणे मुरवणे हा वेगळा प्रकार, पण त्यासाठीही आपल्याकडचा कायदा आधी पाहा. ७०० मिलिलिटरला २० ग्रॅम ज्युनिपर, ८ ग्रॅम धणे आणि लिंबाच्या सालीची एक पट्टी. पांढरा भाग घेऊ नका. चोवीस तासांनी गाळा. रंग पिवळसर येतो, तो दोष नव्हे. पाणी घातल्यावर दुधाळ झाले तर समजा की विरघळलेले तेल बाहेर आले. चव बिघडत नाही. दोन-तीन दिवस ठेवून द्यायचा मोह होतो. तेवढ्यात बियांचा कडवटपणा उतरतो आणि तो पुन्हा काढता येत नाही.

औषध म्हणून

दोन उपयोग परंपरेने चालत आलेले आहेत आणि युरोपच्या औषध नियामकांनीही ते पारंपरिक वापर म्हणून नोंदवले आहेत: पोटात गॅस धरणे, जेवणानंतर जड वाटणे, आणि मूत्रमार्गाच्या किरकोळ तक्रारींत लघवीचे प्रमाण वाढवणे. यातला मूत्रल परिणाम तेलातल्या टर्पिनेन-४-ऑल या घटकाशी जोडला जातो. जर्मनीच्या कमिशन ईने, म्हणजे वनौषधी तपासणाऱ्या तज्ज्ञ समितीने, वाळलेल्या फळांची दिवसाची मात्रा २ ते १० ग्रॅम ठरवली. वरचा आकडा ही शेवटची मर्यादा आहे, ते गाठायचे लक्ष्य नव्हे. नवख्याने २ ग्रॅमवरच राहावे.

२ ग्रॅम दाणे वजन करून घ्या, खलात तडकवा आणि कपात टाकून १५० मिलिलिटर उकळते पाणी ओता. लगेच बशी झाका. दहा-पंधरा मिनिटांनी बशी उचलाल तेव्हा तिच्या खालच्या बाजूला थेंब जमलेले असतील. ते कपातच परत झटका, कारण वाफेबरोबर वर गेलेले तेल त्यांतच आहे. उघड्या भांड्यात खळखळ उकळून केलेल्या काढ्यात कडवट रंगीत पाणी तेवढे उरते. गाळून कोमट प्या. पोटासाठी जेवणानंतर एक कप, आठवडाभर. लघवीच्या तक्रारीसाठी घेत असाल तर दिवसभर पाणीही भरपूर प्यावे लागते, नुसत्या काढ्याने काम होत नाही.

जर्मन उपचारक सेबास्टियन क्नाइप यांच्या नावाने एक पद्धत प्रसिद्ध आहे: पहिल्या दिवशी चार दाणे चावून खायचे, रोज एकेक वाढवत पंधरापर्यंत जायचे, मग तसेच उतरायचे. पंधरा दाणे म्हणजे दीड ग्रॅमच्या आसपास, त्यामुळे मात्रा मर्यादेत राहते. उतरून झाले की थांबायचे. लगेच दुसरी फेरी सुरू करू नये.

ज्यांनी घेऊच नये त्यांची यादी मोठी आहे. गरोदर स्त्रिया, कारण ज्युनिपर गर्भाशयाला उत्तेजित करू शकते, स्तनदा माता, अठरा वर्षांखालील मुले, मूत्रपिंडाचा कोणताही आजार असलेले. हृदय किंवा मूत्रपिंडाच्या आजारामुळे पाणी मोजून प्यायला सांगितलेले असेल त्यांनीही नाही, आणि पायावरची सूज उतरवायला तर मुळीच नाही. लिथियम हे मनोविकारावरचे औषध घेणाऱ्यांच्या रक्तात त्याचे प्रमाण वाढू शकते. मूत्रल किंवा मधुमेहाच्या गोळ्या चालू असतील तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय कप भरू नका. स्वयंपाकातल्या चार दाण्यांनी निरोगी माणसाला काही होत नाही. गरोदरपणात मात्र तेही टाळलेले बरे.

चार आठवड्यांहून जास्त सलग घेऊ नये. मात्रा जास्त किंवा दिवस जास्त झाले की तेल मूत्रपिंडाला चिडवते: कमरेत दुखते, लघवीला आग होते. लघवीला व्हायोलेट फुलांसारखा वास येणे ही तेल शरीरातून बाहेर पडत असल्याची जुनी, ओळखीची खूण आहे. आग किंवा दुखणे सुरू झाले तर त्याच दिवशी बंद करा. ताप, लघवीत रक्त, किंवा आठवड्यात न ओसरलेली जळजळ असेल तर काढ्याचे काम संपले. तिथे संसर्गाची तपासणी आणि डॉक्टरांचे औषध हवे.

बाटलीतले तेल

बाजारातले ज्युनिपर तेल फळांपेक्षा कितीतरी तीव्र असते. कमिशन ईच्या हिशेबात १० ग्रॅम फळांमागे १०० मिलिग्रॅम तेल धरले आहे, म्हणजे दोन-तीन थेंब. ते पोटात घ्यायचे नाही, काढ्यात टाकायचे नाही, आणि जिनला वास द्यायलाही वापरायचे नाही. शिवाय काही तेले फळांऐवजी सुया आणि फांद्यांपासून काढलेली असतात, ती आणखी जहाल. बाटलीवर वनस्पतीचे शास्त्रीय नाव आणि कोणत्या भागापासून काढले हे छापलेले नसेल तर घेऊ नका.

दुखऱ्या स्नायूंवर चोळण्यासाठी ३० मिलिलिटर तिळाच्या किंवा बदामाच्या तेलात आठ-दहा थेंब, म्हणजे एक टक्क्याच्या थोडे वर. आधी कोपराच्या आतल्या बाजूला एक ठिपका लावून चोवीस तास पाहा. फाटलेली किंवा सुजलेली त्वचा, डोळ्यांभोवतीची जागा आणि लहान मुले यांच्यापासून ते लांब ठेवा. दम्याच्या रुग्णांनी वाफ घेऊ नये. हवा लागून तेलातला पायनीन हा घटक बदलतो आणि तेच जुने तेल त्वचेला लाल करते, म्हणून बाटली उघडल्याची तारीख वर लिहा, ती फ्रिजमध्ये ठेवा आणि वर्ष झाले की उरलेले तेल अंगाला लावू नका.